समुद्रापार विकलेली माणसं: बंदरं त्यांची आठवण कशी ठेवतात, आणि आपण?

रंकाळावेस
लेक ब्रिस्टलला असते. तिच्याकडे राहून आल्यापासून एक विषय डोक्यातून जात नाही, म्हणून हा धागा.

ब्रिस्टल हे इंग्लंडच्या पश्चिमेचं जुनं बंदर. तिथली जहाजं माल भरून आफ्रिकेच्या किनाऱ्यावर जायची, तिथून माणसं भरून वेस्ट इंडीजला आणि येताना साखर, तंबाखू घेऊन घरी. शहरातली कितीतरी देखणी घरं या पैशातून उभी राहिली. एडवर्ड कोल्स्टन (१६३६–१७२१) हा तिथला मोठा व्यापारी. गुलामांचा व्यापार करणाऱ्या रॉयल आफ्रिकन कंपनीत तो अधिकारी होता. त्यानं शाळांना आणि अनाथालयांना भरपूर दान दिलं. १८९५ साली, म्हणजे तो जाऊन पावणेदोनशे वर्षं होत आली तेव्हा, शहरानं त्याचा पुतळा उभारला. चौथऱ्यावर त्याच्या सद्गुणांची स्तुती कोरली. पैसा कुठून आला होता त्याचा एक शब्द नाही. दुसरा फलक लावा, खरं काय ते लिहा, अशी मागणी बरीच वर्षं चालली. मजकुरावर भांडणं झाली आणि फलक काही लागला नाही. ७ जून २०२० ला लोकांनी दोर लावून पुतळा खाली ओढला, रस्त्यावरून गडगडत नेला आणि बंदराच्या पाण्यात टाकला.

आता तो एम शेड नावाच्या संग्रहालयात आहे. उभा नाही, आडवा. अंगावरचा लाल-निळा रंग तसाच ठेवलाय. शेजारी सगळी हकिकत लिहिली आहे. मी त्याच्यासमोर बराच वेळ थांबले आणि मनात सारखं आपलंच येत होतं.

कोल्हापूरला समुद्र नाही, मग आपला काय संबंध, असं कुणी म्हणेल. पण १८१२ पर्यंत कोल्हापूर संस्थानाला समुद्र होता. मालवण बंदर आणि सिंधुदुर्ग आपल्या छत्रपतींच्या ताब्यात होते. कोकणची सगळी बंदरं घाटांनी आपल्याशी जोडलेली होती. या किनाऱ्यावर पोर्तुगीज आले, डच आले, इंग्रज आले, आणि त्यांच्या जहाजांतून माणसंही विकली गेली. त्याची आठवण आपल्याकडे कुठे दिसते? गडावर, बंदरावर, शहरातल्या चौकात, पाठ्यपुस्तकात? आणि ती दिसायला हवी असं तुम्हाला वाटतं का? अनुभव लिहा.

कट_जादा
कोल्हापूरला बंदर होतं हे वाचून ताठ बसलोय. सविस्तर येऊ दे.

पेठेतला_संभा
ताई, लिहिलंय चांगलं, पण पटलं नाही. माणसं त्यांनी विकली, जहाजं त्यांची, पैसा त्यांच्या घरात गेला. त्यांनी पश्चात्ताप करावा, पुतळे पाडावेत. आपण तर त्यांच्या टाचेखाली होतो. आपल्याला कसली आठवण आणि कसलं प्रायश्चित्त? आणि पुतळ्याचंच म्हणाल तर कोल्हापूरनं तो हिशेब ब्रिस्टलच्या आधी ऐंशी वर्षं पूर्ण केला. विल्सन आठवतोय का कुणाला?

इतिहासवेडी
@कट_जादा, थोडक्यात सांगते. १७६५ मध्ये इंग्रजांच्या मुंबई सरकारनं आरमार पाठवून सिंधुदुर्ग घेतला आणि त्याचं नाव ठेवलं फोर्ट ऑगस्टस. पुढच्याच वर्षी तह करून त्यांनी तो करवीरला परत दिला. तेव्हा कोल्हापूरचा कारभार जिजाबाई राणीसाहेब पाहत होत्या, दुसऱ्या संभाजीराजांच्या पत्नी. इंग्रजी कागदांत मालवणच्या खलाशांना सरसकट चाचे म्हटलंय. आपल्या बाजूनं पाहिलं तर आपल्या पाण्यातून जाणाऱ्या जहाजानं दस्तक, म्हणजे परवाना, घ्यावा हा राज्याचा हक्क होता, शिवाजी महाराजांच्या काळापासूनचा. शेवटी १ ऑक्टोबर १८१२ च्या तहात कोल्हापूरनं मालवण आणि सिंधुदुर्ग इंग्रजांना दिले, आणि बदल्यात शेजाऱ्यांपासून संरक्षण घेतलं. त्या दिवशी आपला समुद्र गेला. कोल्हापुरात या तारखेची आठवण कुणी काढलेली मी कधी ऐकली नाही, आणि याचं मला फार वाईट वाटतं.

मालवणी_माणूस
मी मालवणचाच, सध्या राजारामपुरीत. सिंधुदुर्गावर होडीतून उतरलात की महाराजांच्या हातापायाचे ठसे, शिवराजेश्वराचं देऊळ, दूधबाव, दहीबाव, साखरबाव हे सगळं दाखवतात, आणि ते दाखवायलाच हवं. पायाभरणी २५ नोव्हेंबर १६६४, हे आमचं शाळकरी पोरसुद्धा सांगेल. पण फोर्ट ऑगस्टस म्हटलं तर बघत राहतील. किल्ला हातातून कसा गेला, मधल्या दीडशे वर्षांत तिथं कोण राहत होतं, कुणाच्या चाकरीत होतं, यावर अवाक्षर नाही. आमच्या किनाऱ्याचा इतिहास १६६४ ला सुरू होतो आणि महाराजांबरोबर संपतो. मग एकदम पर्यटन.

वेंगुर्ल्याला जाऊन बघा. डच वखार आहे, सतराव्या शतकातली. भिंती उभ्या, छप्पर नाही, आत झाडं वाढलेली. डचांनी आशियाभर बंदरांतून गुलाम नेले, पण त्या भिंतीजवळ उभं राहून ते कुणाच्या मनातही येणार नाही. पडकी वास्तू म्हणून लोक फोटो काढतात आणि पुढं सागरेश्वरला जातात.

निवृत्त_मास्तर
संभा, विल्सनचं नाव काढलंस ते बरं केलंस. नवीन पोरांसाठी सांगतो.

आज आपण ज्याला शिवाजी चौक म्हणतो तिथं सर लेस्ली विल्सन यांचा पुतळा होता. १९२३ ते १९२८ या काळात ते मुंबई इलाख्याचे गव्हर्नर होते. बेचाळीसच्या आंदोलनात भागीरथीबाई तांबट आणि जयाबाई हविरे या दोन बायकांनी तो पुतळा विद्रूप केला. संस्थानचे पोलीस, ब्रिटिशांचा दरारा, आणि भर चौकात दोन बायका! नंतर तरुणांनी तो फोडलाच. मग त्याच जागी शिवाजी महाराजांचा पुतळा बसवायचं ठरलं. भालजी पेंढारकरांनी पुढाकार घेतला, बाबूराव पेंटरांनी पुतळा घडवला आणि १९४५ मध्ये तो उभा राहिला. स्वातंत्र्य मिळायला अजून दोन वर्षं होती हे लक्षात घ्या.

मी वर्गात हे दरवर्षी सांगायचो. दरवर्षी मुलांचे डोळे मोठे व्हायचे, कारण रोज ज्या चौकातून शाळेत यायची तिथंच हे घडलंय हे त्यांना घरात कुणी सांगितलेलं नसायचं. फोडलेल्या पुतळ्याचा एखादा तुकडा, त्या दोघींची छायाचित्रं, त्या दिवसांची वर्तमानपत्रं टाउन हॉल संग्रहालयात एका दालनात नीट मांडली असती तर मला वर्गात घसा फोडावा लागला नसता. रंकाळावेस ताई ज्या आडव्या पुतळ्याबद्दल सांगतात त्याचं मोल मला त्यामुळं कळतं. पाडणं हे एका दिवसाचं काम. पाडलं का, कुणी, कशासाठी, हे पुढच्या पिढीला सांगत राहणं हे खरं काम.

कट_जादा
मास्तर, मी रोज त्या चौकात असतो आणि हे आत्ता कळतंय. उद्याच दोन्ही पोरांना घेऊन जातो.

डोंगरयात्री
पन्हाळ्याचं पण सांगतो. १६६० चा वेढा सगळ्यांना पाठ आहे: सिद्दी जौहर, शिवा काशीद, बाजीप्रभू, पावनखिंड. आता त्यातल्या दोन गोष्टी ज्या गडावर कुणी सांगत नाही.

एक, राजापूरच्या इंग्रज वखारीतला हेन्री रेव्हिंग्टन आपली माणसं घेऊन पन्हाळ्याच्या पायथ्याशी आला होता. वेढा घालणाऱ्यांना त्यानं तोफगोळे पुरवले आणि आपला झेंडा लावून गडावर मारा केला. व्यापारी म्हणून राजापुरात बसलेली कंपनी दुसऱ्याच्या लढाईत पैशासाठी उतरली, ती कोल्हापूरपासून वीस किलोमीटरवर. महाराज विसरले नाहीत. १६६१ ला राजापूर घेतलं, वखार खणून काढली आणि रेव्हिंग्टनला कैद केलं.

दोन, सिद्दी जौहर हा आफ्रिकन वंशाचा. त्याच्यासारखे हजारो हबशी दख्खनमध्ये आले ते गुलाम म्हणूनच, समुद्रावरून, चौल-दाभोळसारख्या बंदरांतून. म्हणजे पन्हाळ्याच्या वेढ्यात गुलामांच्या व्यापाराची एक बाजू आणि वसाहतीची दुसरी बाजू, दोन्ही हजर होत्या. एवढं सगळं आपल्या दारात आणि आपण विचारतोय आपला काय संबंध.

पेठेतला_संभा
@डोंगरयात्री, भावा, रेव्हिंग्टनचं भारी सांगितलंस. पण जौहरला बिचारा गुलाम करून टाकू नका. तो कर्नूलचा सरदार होता, हजारोंची फौज घेऊन आलेला. मलिक अंबर तर निजामशाहीचा कर्ताधर्ता. असले कसले गुलाम?

इतिहासवेडी
संभा, प्रश्न रास्त आहे आणि उत्तर थोडं लांब आहे.

मलिक अंबर इथिओपियात जन्मला. लहानपणीच विकला गेला, मग पुन्हा पुन्हा विकला गेला, आणि शेवटी अहमदनगरला चंगेजखान नावाच्या पेशव्यानं त्याला विकत घेतलं. तो चंगेजखानही हबशीच. मालक वारल्यावर अंबर मोकळा झाला, स्वतःची फौज उभी केली आणि १६२६ ला मरेपर्यंत मोगलांना दख्खनमध्ये पाय रोवू दिला नाही. १६२४ च्या भातवडीच्या लढाईत शहाजीराजे त्याच्या बाजूनं लढले. आपल्या गनिमी काव्याची चर्चा त्याचं नाव घेतल्याशिवाय पुरी होत नाही.

दख्खनमधली लष्करी गुलामगिरी आणि अमेरिकेतल्या उसाच्या मळ्यांवरची गुलामगिरी एक नव्हती हे खरंच. इथं विकत आणलेला मुलगा सरदार होऊ शकत होता, तिथं त्याची पोरंसुद्धा मालकाची मालमत्ता. पण एक अंबर वर आला म्हणून त्याच गलबतातून आलेली बाकीची माणसं विसरायची का? जी पाणक्ये झाली, दारवान झाली, घोड्यांची मोतद्दार झाली, वाटेतच मेली? त्यांची नावं कुठल्याच बखरीत नाहीत. अंबरच्या आईला तिचा मुलगा पुढे वजीर झाला हे कुणी कळवलं असेल?

वाटाड्या_आजरा
माझं येणं-जाणं यल्लापूर, हल्याळ, दांडेलीकडं असतं. तिकडच्या रानात सिद्दी लोकांच्या वाड्या आहेत. त्यांच्यातले बरेच पूर्वज गोव्यात पोर्तुगीजांनी मोझांबिककडून आणलेले गुलाम. छळाला कंटाळून घाटाच्या जंगलात पळून आले आणि तिथंच राहिले. कोकणी बोलतात, कानडी बोलतात, आणि मराठी ऐकून मीच चकित झालो. कुणी हिंदू, कुणी ख्रिस्ती, कुणी मुसलमान, पण सोयरीक आणि दमामीचा ढोल एकच. २००३ साली उत्तर कन्नडमधल्या सिद्दींना अनुसूचित जमातीचा दर्जा मिळाला.

एका म्हाताऱ्या बाबांशी शेकोटीजवळ बोलत बसलो होतो. मी विचारलं, बाबा, तुमचे वाडवडील कुठले? त्यांनी गोव्याच्या दिशेनं हात केला आणि म्हणाले, तिकडून, आणि त्याच्या पलीकडून. एवढंच. पलीकडच्या गावाचं नाव त्यांच्याकडं नव्हतं.

जुन्या गोव्याला तुम्ही सगळे गेला असाल. सोळाव्या शतकात लिन्सखोटेन नावाचा डच तिथं राहिला. त्यानं लिहून ठेवलंय की शहराच्या मुख्य रस्त्यावर रोज सकाळी लिलाव भरायचा आणि घोडे, मसाले, कापडाबरोबर माणसंही विकली जायची. आज तिथं बॉम जिझस, से कॅथेड्रल, सोन्याचं नक्षीकाम, सगळ्याची माहिती मिळते. त्या बाजाराविषयी कुठल्याही वाटाड्यानं मला अजून सांगितलेलं नाही. इतकं मोठं, युनेस्कोनं १९८६ साली गौरवलेलं ठिकाण, आणि मधला रस्ता मुका.

सुमनआक्का_गडहिंग्लज
हे वाचून पोटात कालवलं. त्या बाबांना नाव तरी कळायला हवं होतं.

पेठेतला_संभा
वाटाड्या दादा, मानलं. हे सांगायलाच पाहिजे.

पण मग पूर्ण सांगा. शिवाजी महाराजांनी १६७७ ला कर्नाटक मोहिमेत डचांना कौल, म्हणजे व्यापाराची लेखी सनद, दिला. त्यात साफ बजावलं की आधीच्या अमलात तुम्ही इथं स्त्री-पुरुष गुलाम म्हणून विकत घेत होता आणि बाहेर नेत होता, माझं राज्य आहे तोवर ते चालणार नाही, कुणी प्रयत्न केला तर माझी माणसं अडवतील. हे डचांच्याच दप्तरात आहे. ब्रिटननं गुलामांचा व्यापार बंद केला १८०७ ला, म्हणजे एकशे तीस वर्षांनी. वेंगुर्ल्याच्या डच वखारीवर पहिला फलक लागला पाहिजे तो या कौलाचा.

मालवणी_माणूस
@संभा, या फलकाला माझी पहिली वर्गणी.

सुमनआक्का_गडहिंग्लज
संभा बाळा, कौल वाचून माझीही मान उंच झाली. पण आक्का म्हणून एक सांगू? फलकावर तेवढंच लिहून थांबू नका. महाराजांच्या मागं आपल्याच राज्यात काय चाललं तेही बघा. पेशवाईच्या दप्तरात कुणबिणींच्या, म्हणजे गुलाम बायकांच्या, नोंदी किती आहेत! दुष्काळात विकलेल्या पोरी, लढाईत धरून आणलेल्या बायका, बदकर्माचा आळ घेऊन सरकारजमा केलेल्या. कोठीत दळायला, गोठ्यात, सरदारांच्या वाड्यात त्यांना कामाला लावायचे. त्यांची किंमत ठरायची, खरेदी-विक्री व्हायची. त्यांची पोरं वाड्यातच वाढायची, पण घरातली म्हणून कधीच नाही. मी लहानपणी जुन्या बायकांच्या तोंडून अमक्याच्या वाड्यातली बटीक असं ऐकलंय, आणि ते ज्या सुरात म्हणायच्या तो सूर अजून कानात आहे.

महाराजांनी परक्याला जे करू दिलं नाही ते आपण घरात केलं. हे म्हटल्यानं महाराज लहान होत नाहीत. उलट त्यांचा कौल किती मोठा होता ते तेव्हाच कळतं.

पेठेतला_संभा
आक्का, तुमच्यापुढं काय बोलणार. विचार करतो.

हिशेबनीस
पैशाची बाजू राहिली म्हणून लिहितो. १८३३ ला ब्रिटिश संसदेनं गुलामगिरी रद्द करायचा कायदा केला आणि भरपाई म्हणून दोन कोटी पौंड मंजूर केले. भरपाई कुणाला? मालकांना, त्यांची मालमत्ता गेली म्हणून. गुलामांना एक पैसा नाही, उलट उमेदवारीच्या, म्हणजे काम शिकण्याच्या, नावाखाली पुढची काही वर्षं त्याच मालकांकडं राबायचं. त्या भरपाईसाठी काढलेल्या कर्जाचा शेवटचा भाग फिटला २०१५ साली. म्हणजे आजच्या ब्रिटिश करदात्यानं, त्यात आपल्या इथून तिकडं गेलेलेही आले, गुलामांच्या मालकांचं देणं फेडलंय.

आणि या कायद्यात एक कलम होतं की ईस्ट इंडिया कंपनीच्या मुलखाला हा लागू नाही. हिंदुस्थानात गुलामीला कायद्याचा आधार काढून घेतला तो १८४३ च्या पाचव्या कायद्यानं, आणि गुलाम बाळगणं-विकणं गुन्हा ठरलं ते १८६० च्या दंडसंहितेनं. शाळेत आपण शिकलो की इंग्रजांनी गुलामगिरी बंद केली. कधी, कुठं आणि कुणाला वगळून, हे शिकवत नाहीत.

ब्रिस्टलची_लेक
आईनं धाग्याचा दुवा पाठवला म्हणून आले. नमस्कार सगळ्यांना.

आई, तुला पेरोचा पूल दाखवला होता तो इथं लिहायचा राहिला. बंदरावर पादचाऱ्यांसाठी पूल आहे, १९९९ चा, त्याला पेरो जोन्सचं नाव दिलंय. जॉन पिनी नावाच्या मळेवाल्यानं नेव्हिस बेटावरून त्याला गुलाम म्हणून ब्रिस्टलला आणलं होतं. पिनीचं घर आता संग्रहालय आहे. पुतळा पाडण्याच्या वीस वर्षं आधी शहरानं एका गुलामाचं नाव पुलाला दिलं होतं, हे मला फार महत्त्वाचं वाटतं. मालकाला खाली उतरवणं आणि ज्याला विकलं त्याला नाव देणं, ही दोन वेगळी कामं आहेत.

इथं सगळे एकमतानं राहतात असं मुळीच नाही. पुतळा पाडणाऱ्या चौघांवर खटला झाला, जानेवारी २०२२ मध्ये ज्यूरीनं त्यांना निर्दोष सोडलं, आणि त्यावर घराघरांत वाद झाले. माझ्या ऑफिसातल्या एक वयस्कर बाई मला म्हणाल्या, माझे आजोबा गोदीत हमाल होते, आम्हाला त्या साखरेतलं काय मिळालं? त्यांचंही मला खरं वाटतं.

आणखी एक. १९६३ साली इथल्या बस कंपनीत काळ्या आणि आशियाई माणसांना चालक-वाहक म्हणून घेत नव्हते. पॉल स्टीफन्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बसवर बहिष्कार घातला, कंपनी झुकली, आणि पहिला बिगरगोरा वाहक झाला तो रघबीर सिंग, एक शीख. राजा राममोहन रॉय वारले तेही इथंच, सप्टेंबर १८३३ मध्ये, गुलामगिरीच्या कायद्यावर शिक्कामोर्तब झाल्यावर महिन्याभरात. त्यांची समाधी इथं आर्नोस व्हेलला आहे. मी अधूनमधून जाते.

रंकाळावेस
पिल्ला, बरं झालं लिहिलंस. दुपारी फोन करते.

खंडोबाची_तालीम
आई-लेकीच्या गप्पा धाग्यावर बघून बरं वाटलं. माहेरचा चहा झाला की पुढं चालू करा मंडळी.

पोर्टलुईसहून_परत
कामानिमित्त काही वर्षं मॉरिशसला होतो, म्हणून लिहितो. गुलामी संपल्यावर मळ्यांना मजूर हवेच होते. १८३४ पासून करारावर हिंदुस्थानातून माणसं न्यायला सुरुवात झाली. त्यात मुंबईहून चढलेली मराठी माणसंही होती, कोकणातली आणि घाटावरची. त्यांचे वंशज आजही तिथं गणपती बसवतात आणि गणेशचतुर्थीला देशभर सुट्टी असते.

पोर्टलुईसला बंदरावर आप्रवासी घाट आहे. जहाजातून उतरलेले मजूर ज्या सोळा दगडी पायऱ्या चढून आत गेले त्या तशाच जपल्यात. २००६ साली युनेस्कोनं त्याला जागतिक वारसा म्हटलं. दोनच वर्षांनी ल मॉर्न डोंगराला तोच मान मिळाला. मळ्यांवरून पळालेले गुलाम तिथं कड्याकपारींत लपून राहत. देशात १ फेब्रुवारीला गुलामीमुक्तीची सुट्टी आणि २ नोव्हेंबरला मजुरांच्या आगमनाची. कुणाचं दुःख मोठं यावर तिथंही हमरीतुमरी होते, पण दोन्ही दिवस पाळले जातात. मराठी आडनावाच्या एका आजींनी मला त्या पायऱ्यांवर नेलं होतं. त्यांच्या खापरपणजोबांच्या नावापुढं जुन्या नोंदवहीत एक क्रमांक आणि गावाचं नाव आहे. वाटाड्यांच्या त्या सिद्दी बाबांकडं तेवढंही नाही, हा फरक वाचताना सारखा टोचला.

खंडोबाची_तालीम
मालवणहून निघालेलं गलबत गोव्यावरून मॉरिशसला पोचलं. तांबडा रस्सा निवायच्या आत कोल्हापूरला आणा कुणीतरी.

हिशेबनीस
आणतो, पण वाटेत झांझिबारला थांबून. तिथला गुलामांचा बाजार १८७३ ला बंद झाला. त्या जागेवर चर्च बांधलं, आणि जिथं फटक्यांचा खांब होता तिथं वेदी आहे. बाहेर खड्ड्यात उभ्या माणसांची शिल्पं आहेत, गळ्यात खऱ्या साखळ्या. बहुतेक लोक अरब व्यापाऱ्यांना दोष देऊन मोकळे होतात. पण सुलतानाच्या जकातीचा मक्ता बरीच वर्षं जयराम शिवजी या कच्छी पेढीकडं होता. बंदरावर उतरणाऱ्या गुलामांवरही जकात होती. म्हणजे तिथल्या पैशाला हिंदी हात लागलेले होते. संभा, तू पहिल्या प्रतिसादात जे विचारलंस, आपल्याला कसली आठवण, त्यासाठी हे लिहिलं. रागावू नकोस.

पेठेतला_संभा
रागावलो नाही हिशेबनीस. पण कच्छच्या पेढीचं पाप कोल्हापूरच्या पोरानं डोक्यावर घ्यावं हे मला आजही पटत नाही. पाप नको, माहिती पाहिजे, एवढ्यावर मी आलोय. शाळेच्या सहलीत पन्हाळ्यावर गेलेल्या पोराला रेव्हिंग्टन कळला पाहिजे, जौहर कुठून आला ते कळलं पाहिजे, आणि आक्कांच्या त्या कुणबिणी पण. लाज वाटावी म्हणून नाही. आपलं आहे म्हणून.

सुमनआक्का_गडहिंग्लज
बाळा, लाज थोडी वाटली तरी चालेल. मला वाटते.

निवृत्त_मास्तर
आपल्याकडे विसरण्याच्या किती तऱ्हा आहेत बघा. सत्तावन्नच्या उठावात ३१ जुलैला कोल्हापुरातली सत्ताविसावी पलटण उठली, डिसेंबरात पुन्हा उठाव झाला, कित्येकांना ठार मारलं. छत्रपतींचे धाकटे बंधू चिमासाहेब यांना इंग्रजांनी कराचीला नेऊन ठेवलं, तिथंच ते वारले. चौकाला नाव आहे त्यांचं, रिक्षावाला अचूक सोडतो. ते समुद्रावरून कुठं गेले आणि का परत आले नाहीत, हे त्या चौकात उभं राहून मी विद्यार्थ्यांना विचारायचो.

मागणी मोठी नको. नव्या स्मारकांसाठी निधी, समित्या, उद्घाटनं यात वर्षं जातात. आहे तिथं चार ओळी खऱ्या लिहा. शिवाजी चौकात त्या दोन बायकांची नावं आणि विल्सनचं काय झालं ते. चिमासाहेब चौकात कराची. मालवण जेटीवर १८१२. पन्हाळ्यावर डोंगरयात्रींनी सांगितलं ते. जुन्या गोव्याचं गोवेकर बघतील, आपण त्यांना पत्र लिहू शकतो.

डोंगरयात्री
मास्तर, पन्हाळ्याचा मसुदा मी करतो. आत्ताच करून बघितला:

"१६६० मध्ये सिद्दी जौहरनं या गडाला वेढा घातला. तो आफ्रिकन वंशाचा, आदिलशाहीचा सरदार होता. त्याच्यासारख्या अनेकांचे पूर्वज गुलाम म्हणून समुद्रमार्गे दख्खनमध्ये आणले गेले होते. वेढ्यात राजापूरच्या इंग्रज व्यापाऱ्यांनी तोफगोळे पुरवले. शिवाजी महाराज गडावरून निसटून विशाळगडाला पोहोचले. त्यांच्यासाठी शिवा काशीद आणि बाजीप्रभू देशपांडे यांनी प्राण दिले."

काय वाटतं?

इतिहासवेडी
रेव्हिंग्टनचं नाव घाला. सिद्दीचं नाव लिहायचं आणि इंग्रजाला नुसता व्यापारी म्हणायचं हे बरोबर नाही.

मालवणी_माणूस
मालवणचा मसुदा माझ्याकडं. १८१२ बरोबर फोर्ट ऑगस्टसही घेतो. इतिहासवेडी, जिजाबाई राणीसाहेबांच्या तहाबद्दल तुमच्याकडं जे आहे ते व्यक्तिगत निरोपात पाठवा.

पेठेतला_संभा
आणि पन्हाळ्याच्या मसुद्यात झेंडा राहिला. इंग्रज स्वतःचा झेंडा लावून मारा करत होते, तेही लिहा. शिवा काशीदचं नाव मात्र सगळ्यात वर पाहिजे, त्यावर मी मागं हटणार नाही.

डोंगरयात्री
रेव्हिंग्टन घातला, झेंडा घातला, शिवा काशीद वर घेतला. रविवारी सकाळी गडावर कोण कोण येतंय ते सांगा. फलकाला जागा कुठली मागायची ते तिथंच ठरवू.